अठरा वर्षं, आठवड्याला दोन मिनिटं: आर्थर डंकन

ठेका (धागाकर्ती)

आर्थर डंकन हे नाव इथे फार जणांनी ऐकलं नसेल. जानेवारी २०२३ मध्ये तो गेला, वयाच्या ९७ व्या वर्षी. तेव्हा मीही बातमी वाचली आणि पुढे गेले. पण गेले काही महिने रात्रीची झाकपाक झाली की मी त्याच्या नाचाच्या जुन्या चित्रफिती लावून बसते, आणि आता कुणाला तरी सांगितल्याशिवाय चैन पडत नाही. म्हणून हा धागा.

डंकन टॅप नाचायचा. ज्यांनी टॅप पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी एवढंच सांगते: बुटाच्या चवड्याखाली एक आणि टाचेखाली एक अशा धातूच्या पट्ट्या असतात आणि जमीन हे वाद्य असतं. नाचणारा तोच आणि वाजवणाराही तोच. मी लहानपणी सहा वर्षं कथक शिकले. तत्कार, म्हणजे पायांनी वाजवायचे मूळ बोल, अंगात भिनलेला, त्यामुळे टॅप लागलं की माझे कान आधी टवकारतात, डोळे मागून येतात.

त्याचा जन्म १९२५ चा, कॅलिफोर्नियातल्या पॅसडीनाचा. १९६४ साली तो 'लॉरेन्स वेल्क शो' या अमेरिकन संगीत-कार्यक्रमात आला आणि १९८२ साली कार्यक्रम संपेपर्यंत तिथेच राहिला. तासाभराच्या त्या कार्यक्रमात त्याच्या वाट्याला बहुतेकदा एकच नाच यायचा. दोन मिनिटं, फार तर तीन. बाकीचा वेळ ऑर्केस्ट्रा, अकॉर्डियन, वॉल्ट्झ नाचणाऱ्या जोड्या, गोड आवाजाच्या गायिका. नाव वेल्कचं, कार्यक्रम वेल्कचा. डंकन दर आठवड्याला यायचा, नाचायचा, हसून वाकून नमस्कार करायचा आणि बाजूला व्हायचा. असं अठरा वर्षं.

वेल्कबद्दल थोडं सांगायला हवं, नाहीतर त्या दोन मिनिटांची किंमत कळणार नाही. तो १९०३ साली नॉर्थ डकोटात, रशियातून आलेल्या जर्मन शेतकरी कुटुंबात जन्मला. बापानं ४०० डॉलरचं अकॉर्डियन घेऊन दिलं, त्या बदल्यात हा एकविसाव्या वर्षापर्यंत शेतावर राबला. इंग्रजी तो उशिरा शिकला आणि त्याचे जर्मन वळणाचे उच्चार शेवटपर्यंत गेले नाहीत. १९५५ साली एबीसी या वाहिनीवर त्याचा कार्यक्रम देशभर दिसू लागला. त्याचा आग्रह एकच असायचा: गाण्याची मूळ चाल ऐकणाऱ्याला ओळखू आली पाहिजे, आणि घरातल्या आजीनं मान फिरवावी असं काही पडद्यावर दिसता कामा नये. १९५९ साली अॅलिस लॉन या त्याच्या लाडक्या गायिकेला त्यानं काढलं, कारण पडद्यावर तिचे गुडघे जरा जास्त दिसले. प्रेक्षकांच्या पत्रांचा पाऊस पडला, त्यानं तिला परत बोलावलं, पण ती काही आली नाही. त्याच वर्षी पीट फाउंटन हा क्लॅरिनेटवादकही बाहेर पडला. त्यानं नाताळच्या गाण्यात जॅझची फिरत घेतली होती.

अशा माणसाच्या घरात डंकनला टॅप वाजवायचं होतं. आणि टॅप म्हणजे अस्सल लयकारी, ती चालीच्या मागे मागे चालत नाही.

आता त्या दोन मिनिटांचा हिशोब बघा. त्या काळची बरीचशी गाणी ३२ बारांची, प्रत्येक बारात चार मात्रा. म्हणजे एक फेरा १२८ मात्रांचा. मिनिटाला १६० मात्रांची लय धरली तर फेरा ४८ सेकंदांत संपतो. तीन फेरे झाले की २ मिनिटं २४ सेकंद. तेवढ्यात यायचं, लय बसवायची, दोनचार तुकडे दाखवायचे आणि टाळी घेऊन निघायचं. चूक सावरायला अवकाशच नाही. आपल्याकडे कथकमध्ये पहिली पाच मिनिटं नुसता ठाट बांधण्यात जातात, तेव्हा कुठे पाय बोलायला लागतात. डंकनचा पाय पहिल्या मात्रेला बोलतो.

एक करून बघा. त्याची कुठलीही चित्रफीत लावा आणि आधी आवाज बंद करून बघा. कमरेवरचं अंग अगदी निवांत, हात सैल, चेहऱ्यावर हसू, जणू माणूस फाटकाशी उभा राहून गप्पा मारतोय. मग आवाज लावा आणि डोळे मिटा. तो फाटकाशी उभा असलेला माणूस गायब होतो आणि तिथे एक कसलेला तालवादक बसलेला असतो. सगळ्यात सुंदर जागा असते ती ऑर्केस्ट्रा फक्त पहिल्या मात्रेवर एक ठोका देऊन गप्प बसतो ती. त्याला स्टॉप-टाइम म्हणतात. बाकीची रिकामी जागा पायांनी भरायची. लेहरा, म्हणजे साथीची धून, अचानक थांबावा आणि घुंगरांनी तालाचं आवर्तन धरून ठेवावं, तसं. मी तेवढा तुकडा दहा दहा वेळा मागे नेऊन ऐकते.

मला म्हणायचंय ते इतकंच की या माणसाला 'साहाय्यक कलाकार' म्हणून एका ओळीत गुंडाळू नये. इथे कुणी तो कार्यक्रम पाहिलाय का? टॅप शिकलेलं कुणी आहे का? सगळं लिहा.

उंबरठा

ठेकाताई, फार जिव्हाळ्यानं लिहिलंयत. मी पाहिलाय हा कार्यक्रम. १९८७ पासून तिकडच्या सार्वजनिक वाहिन्यांवर त्याचं पुनःप्रक्षेपण सुरू झालं. शनिवारी संध्याकाळी शेजारच्या आजी लावायच्या आणि मी त्यांच्याकडे जाऊन बसायचो. साबणाचे फुगे सोडणारं यंत्र, झुळझुळीत कपडे, सगळं आठवतं. डंकन आला की आजी विणकाम खाली ठेवायच्या. बाकी कुणासाठी त्यांनी सुया खाली ठेवल्याचं मला आठवत नाही.

नोंदवही

लेख आवडला. अभिनेत्री बेटी व्हाइटचा उल्लेख मात्र हवा होता. डंकनची टीव्हीवरची सुरुवात वेल्कच्या दहा वर्षं आधीची आहे. १९५४ साली एनबीसी या वाहिनीवर बेटी व्हाइटचा दुपारचा कार्यक्रम होता, त्याची निर्मातीही तीच. तिनं डंकनला नियमित कलाकार म्हणून घेतलं. अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या काही टीव्ही केंद्रांनी कळवलं की काळा माणूस पडद्यावर दिसत राहिला तर आम्ही कार्यक्रम दाखवणार नाही. बेटी व्हाइटनं सांगितलं, तो राहणार, तुम्ही जमवून घ्या. आणि नंतर त्याला आधीपेक्षा जास्त वेळ दिला. कार्यक्रम त्याच वर्षी बंद झाला. तेव्हा तिचं वय ३२. दूरचित्रवाणीत बाई निर्माती असणं हेच तेव्हा नवलाचं होतं, त्यात तिनं हा पवित्रा घेतला.

२०१७ साली एका कार्यक्रमात दोघांची टीव्हीवरच भेट घडवून आणली. दोघंही नव्वदी पार केलेले. ती चित्रफीत बघताना मला रडू आवरलं नाही, खरं सांगतो.

ठेका

नोंदवही, अगदी बरोबर. ते मूळ लेखातच यायला हवं होतं. तुम्ही लिहिलंत ते बरं झालं, माझ्यापेक्षा नेमकं लिहिलंत.

ती चित्रफीत मीही पाहिली. त्या वयातही तो बूट घालून आला होता.

काळापांढरा

माझं मत थोडं वेगळं आहे. राग मानू नका.

अठरा वर्षं एका जागी टिकला हे खरं, पण त्या मोठ्या ताफ्यात तो एकटाच काळा होता हेही खरं. १९६४ म्हणजे नागरी हक्कांचा कायदा झाला ते वर्ष. रस्त्यावर माणसं मार खात होती आणि इथे पडद्यावर एक काळा कलाकार हसत हसत टॅप करतोय. टॅप हा नाच मुळात काळ्या माणसांनी घडवला, त्यांच्या पायांतून आला, आणि त्याच नाचाच्या चौकटीत त्याला बसवून ठेवलं. 'बघा, आमच्याकडेही आहे एक' एवढ्यापुरती ती नेमणूक होती, असं मला वाटतं. त्याच्या कलेबद्दल माझ्या मनात आदरच आहे. माझा आक्षेप चौकटीला आहे.

मृदुंगी

@काळापांढरा, आक्षेप योग्य आहे, पण त्या काळात दुसरी वाट काय होती तेही बघा. नॅट किंग कोलसारखा लाडका गायक, त्याचा स्वतःच्या नावाचा कार्यक्रम नोव्हेंबर १९५६ मध्ये एनबीसीवर सुरू झाला आणि डिसेंबर १९५७ मध्ये संपला. राष्ट्रीय पातळीवरचा प्रायोजक मिळालाच नाही. प्रेक्षक होते, नावाजलेले पाहुणे होते, जाहिरातदार तेवढे नव्हते. पुढे १९६८ साली पेट्युला क्लार्कनं गाताना हॅरी बेलाफॉन्टेच्या दंडाला हात लावला, तर प्रायोजकाच्या माणसानं हरकत घेतली. तिनं हरकत धुडकावली म्हणून ते दृश्य दिसलं. गोरी गायिका, काळा गायक, नुसता दंडाला हात, आणि साल १९६८!

अशा काळात मुख्य नाव असणं जास्त धोक्याचं होतं. सगळा भार एका माणसावर, आणि जाहिरातदार फिरला की खेळ खलास. ताफ्यातला कलाकार टिकायचा. कोलला जे जेमतेम वर्षभर करता आलं ते डंकननं अठरा वर्षं केलं, त्यातली अर्ध्याहून जास्त वर्षं एबीसीनं कार्यक्रम सोडल्यानंतरची.

शोधक

एक दुरुस्ती. बऱ्याच ठिकाणी डंकनला 'टीव्हीवरच्या संगीत-कार्यक्रमातला पहिला काळा नियमित कलाकार' म्हणतात. वेल्क शोच्या संदर्भात ते टिकत नाही. लेस्ली अगम्स ही गायिका १९६१ पासून 'सिंग अलाँग विथ मिच'मध्ये नियमित होती. तिच्याही बाबतीत दक्षिणेतून विरोध झाला आणि कार्यक्रमाचा कर्ता मिच मिलर तिच्या पाठीशी उभा राहिला. आणि १९५० साली हेझल स्कॉट या पियानोवादिकेचा स्वतःचा कार्यक्रम होता, ड्युमाँट वाहिनीवर. १९५४ चा बेटी व्हाइटचा कार्यक्रम धरला तर डंकन खूपच लवकरचा ठरतो, एवढं नक्की.

ठेका

शोधक, धन्यवाद. मी मुद्दामच 'पहिला' शब्द टाळला होता, पण कारण लिहिलं नव्हतं. अगम्सचं नाव इथे आलं ते फार चांगलं झालं.

@काळापांढरा, तुमच्या बोलण्यावर कालपासून विचार करतेय. राग कशाला मानू? एकटेपणाचं तुम्ही म्हणता ते नाकारता येत नाही, आणि मला ते नाकारायचंही नाही. फक्त त्याच चौकटीत अजून एक गोष्ट घडत होती, ती सांगते.

डंकन वेल्ककडे आला तेव्हा टॅप जवळजवळ संपलं होतं. कारणं बरीच. १९४३ च्या 'ओक्लाहोमा!' या संगीत नाटकानंतर ब्रॉडवेवर, म्हणजे न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवर, बॅलेचं वळण आलं. मोठे बँड मोडले. १९४४ मध्ये सरकारनं नाचगाण्याच्या क्लबांवर ३० टक्के कर बसवला. तो २० टक्क्यांवर आणला, तरी मालकांचं कंबरडं मोडायचं ते मोडलंच. नुसतं वाद्यसंगीत असेल तर कर नाही, नाच किंवा गाणं ठेवलं की कर. मग नाचणाऱ्याला कोण ठेवणार? हनी कोल्स हा त्या पिढीतला थोर टॅप कलाकार, त्यानं हार्लेमच्या अपोलो थिएटरात रंगमंच व्यवस्थापकाची नोकरी धरली. त्याचा जोडीदार चॉली अॅटकिन्स मोटाउन या रेकॉर्ड कंपनीत गेला आणि तिथल्या गायकांच्या ताफ्यांना पदन्यास शिकवू लागला. त्यांतल्या टेम्प्टेशन्स या ताफ्याच्या गाण्यांत ती जी एकसारखी वळणं दिसतात ना, ती एका टॅप नर्तकानं बसवलेली आहेत. म्हणजे टॅप आत कुठेतरी जिवंत होतं, फक्त बुटाला पट्ट्या उरल्या नव्हत्या.

अशा वर्षांत, दर आठवड्याला, देशभरच्या बैठकीच्या खोल्यांत पट्ट्या वाजत होत्या त्या डंकनच्या. १९७१ साली एबीसीनं कार्यक्रम बंद केला, प्रेक्षक फार वयस्क आहेत म्हणून. वेल्कनं तो स्वतंत्रपणे केंद्राकेंद्राला विकला आणि दोनशेहून जास्त केंद्रांनी घेतला. डंकनची दोन मिनिटं त्या सगळ्यांबरोबर गेली.

टॅपची माणसं हे विसरली नाहीत. १९८९ साली टॅप नर्तक ग्रेगरी हाइन्सचा 'टॅप' हा चित्रपट आला. त्यात जुन्या उस्तादांचा एक मुकाबला आहे: हॅरल्ड निकोलस, बनी ब्रिग्ज, जिमी स्लाइड, सँडमन सिम्स, आणि त्यांच्या ओळीत आर्थर डंकन. सॅमी डेव्हिस ज्युनियरही त्या दृश्यात आहे. प्रत्येकानं पुढे यायचं, आपलं नाणं वाजवून दाखवायचं आणि मागे व्हायचं. त्या पंगतीला दयेपोटी कुणी बसवत नाही. पंगतीतल्या इतरांनी आपली बरीच वर्षं क्लबांत आणि अपोलोच्या रंगमंचाजवळ काढली होती, डंकननं वेल्कच्या फुग्यांमध्ये. पायांनी बरोबरी केली.

काळापांढरा

ते दृश्य आत्ता बघितलं. दोनदा. तुमचा मुद्दा पोचला. चौकटीबद्दलचं माझं म्हणणं मी मागे घेत नाही, पण तिच्या आत बसून त्या माणसानं काय काम केलं याचा अंदाज मला नव्हता.

मृदुंगी

ठेकाताई, एक तांत्रिक शंका. टॅपमध्ये एकच तुकडा तीन वेळा येतो आणि मग वेगळं काहीतरी, असं बऱ्याचदा ऐकू आलं. ती तिहाई, म्हणजे तीनदा म्हणून समेवर येणारा तुकडा, आहे का? माझ्या कानाला सम सापडेना.

ठेका

छान पकडलंत! मलाही आधी तिहाईच वाटली होती. त्याला टाइम-स्टेप म्हणतात. दोन बारांचा बोल, तो तीनदा म्हणायचा. झाले सहा बार. मग दोन बारांचा ब्रेक, म्हणजे बोल मोडून वेगळा तुकडा. एकूण आठ बार. तिहाईत तिसरा 'धा' समेवर पडतो आणि सगळा जोर तिथे असतो. इथे तीनदा म्हणून झाल्यावर अजून दोन बार शिल्लक राहतात, आणि खरी गंमत त्या मोडण्यात असते. ऐकणाऱ्याला चौथ्यांदा तेच येणार असं वाटतं आणि पाय वेगळंच बोलतात. सम शोधत बसाल तर हमखास चुकाल. आठ बार मोजा, म्हणजे सापडेल.

पूर्वी ऑर्केस्ट्राला आपली लय समजावी म्हणून टॅपवाले टाइम-स्टेपनं सुरुवात करत. आपण तबलजीला पढंत ऐकवून लय देतो, त्याच्या जवळचं काहीतरी.

घुंगरू

मी आठ वर्षं कथक शिकवतेय. टॅप आणि कथक एकत्र बघायचं असेल तर पंडित चित्रेश दास आणि जेसन सॅम्युएल्स स्मिथ यांचा 'इंडिया जॅझ स्वीट्स' जरूर बघा. २००४ च्या सुमाराला दोघं भेटले, दासजी साठीचे आणि स्मिथ चोविशीचा. एकाचे पाय अनवाणी आणि घुंगरांनी भरलेले, दुसऱ्याच्या पायात बूट. सवालजवाब सुरू झाला की कोण कुणाचा शिष्य हे कळेनासं होतं.

ठेकाताई, तुम्ही स्वतः टॅप शिकलात का? वाचताना तसं वाटतं.

ठेका

घुंगरू, एक वर्ष. फार नाही. पण त्या वर्षातली एक गोष्ट सांगते.

पहिल्या दिवशी माझे नवे बूट नुसते ठक ठक वाजत होते, लाकडावर लाकूड आपटल्यासारखे. बाईंनी मला खाली बसवलं, बूट उलटा करून मांडीवर घेतला. चवड्याच्या पट्टीला तीन स्क्रू असतात. त्यांनी खिशातून छोटा स्क्रूड्रायव्हर काढला, पुढचा स्क्रू अर्धा फेरा सैल केला आणि नखानं पट्टीवर टिचकी मारली. मग मागचे दोन पाव पाव फेरा. पुन्हा टिचकी. तबलजी हातोडीनं गट्ठा ठोकून एकेका घराचा सूर बघतो, अगदी तसं कान लावून. उभी राहून पाय टाकला तर आवाजाला शेपूट आलेलं, छन्नकन. फार सैल झाला तर पट्टी खडखडते आणि स्क्रू जमिनीला ओरखडे पाडतो, म्हणून दर तासाआधी बघायचं, असं त्यांनी बजावलं.

तेव्हापासून डंकनच्या चित्रफितीत मी चवडा आणि टाच वेगळे ऐकते. चवडा उंच, टाच खर्जात. चाटी आणि डग्गा म्हणा ना.

उंबरठा

काल रात्री वडिलांना ऐकवलं. ते बरीच वर्षं भजनी मंडळात पखवाज वाजवायचे, आता हात थरथरतो. पडद्याकडे त्यांनी बघितलंच नाही, डोळे मिटून बसले. तुम्ही लिहिलेला तो स्टॉप-टाइमचा तुकडा आला तेव्हा त्यांनी मांडीवर हात ठेवला आणि रिकाम्या जागा मोजायला लागले. संपल्यावर म्हणाले, "परत लाव. मधे एक मात्रा माझी चुकली, त्याची नाही."